रतामाच्या झुडपाखाली : मनावरील ताणाविषयी एक पाठ

शास्त्रपाठ : १ राजे १९:१–१८. सोबत वाचावे : निर्गम १८:१३–२७, फिलिप्पै २:२५–३०.

गेल्या पावसाळ्याच्या आरंभी आम्ही एका लहान मंडळीच्या भेटीस गेलो होतो. उपासना आटोपल्यावर एक गृहस्थ आम्हांस देवळाच्या ओट्यावर बाजूस घेऊन बोलू लागले. पेरणी वाया गेली होती व दुबार पेरणीसाठी बियाणे उधारीने आणावे लागले होते. पतपेढीचे कर्ज होते, त्याखेरीज हातउसने निराळे. मुलीचे लग्न जमत आले होते, परंतु तिकडील मंडळी मागेपुढे करू लागली होती. हे सर्व त्यांनी एका दमात सांगितले आणि मग हळूच म्हणाले, “साहेब, तीन आठवडे झाले, डोळ्यास डोळा लागत नाही. छातीत धडधड होते. शास्त्र उघडले तर अक्षरे दिसतात, पण अर्थ आत जात नाही. माझा विश्वास गेला काय?”

आमची एस. टी. ची वेळ झाली होती. कशाविषयीही चिंताक्रांत होऊ नये, ह्या पौलाच्या बोधाची आम्ही त्यांस आठवण दिली, उभ्या उभ्या लहानशी प्रार्थना केली आणि निघालो. पुढे त्या गावच्या उपदेशकांकडून कळले की, ते गृहस्थ उपासनेस येईनासे झाले आहेत. चिंता करणे हे पाप, आपणांस तर चिंता सुटत नाही, तेव्हा आपण मंडळीत बसण्यास योग्य नाही, असा अर्थ त्यांनी आमच्या बोलण्यातून काढला होता. आम्ही सांगितलेले वचन खोटे नव्हते. परंतु आम्ही ते भाकर मागणाऱ्याच्या हाती धोंडा ठेवावा तसे ठेवले होते. हा पाठ लिहिण्यास तीच चूक कारण झाली आहे.

ज्यास हल्ली ‘ताण’ किंवा इंग्रजीवरून ‘टेन्शन’ म्हणतात, तो शब्द खेड्यापाड्यांतील अडाणी म्हातारीच्या तोंडीही ऐकू येतो. शब्द नवा असेल, वस्तू जुनी आहे. ज्यांनी मोट पाहिली आहे त्यांस मोटेचा नाडा ठाऊक असेल. नाडा ताणल्यावाचून पाणी वर येत नाही. म्हणून ताण सर्वस्वी वाईट असे कोणी समजू नये. परीक्षा, पेरणी, बाळंतपण, पहिला उपदेश ह्या प्रसंगी मन ताणले जाते म्हणूनच मनुष्य नीट तयारी करितो. परंतु बैल सोडले, रात्र झाली, तरी नाडा ताणलेलाच राहिला तर त्याचा एकेक पेड उसवू लागतो. आणि तो तुटतो तेव्हा पाहणाऱ्यास वाटते की आजच तुटला.

शरीरात काय घडते ते वैद्यकशास्त्राने बरेचसे उलगडले आहे. संकट दिसताच मूत्रपिंडांवर बसलेल्या दोन लहान ग्रंथी रक्तात काही द्रव्ये सोडतात. त्यामुळे हृदय जोराने चालते, श्वास वाढतो, स्नायूंकडे अधिक रक्त जाते आणि पचनाचे काम मंदावते. साप दिसला तर ह्या योजनेने प्राण वाचतात. परंतु सावकाराचा तगादा हा काही साप नव्हे. त्यापासून एका उडीने दूर होता येत नाही, आणि शरीर मात्र महिनोन्‌महिने उडीच्या तयारीत उभे राहते. १९३६ साली कॅनडातील माँट्रिआल येथे हान्स सेल्ये ह्या संशोधकांनी उंदरांवरील प्रयोगांवरून दाखविले की, थंडी, जखम, अतिश्रम अशी कारणे भिन्न असली तरी शरीरात होणारे फेरफार पुष्कळसे एकाच जातीचे असतात. म्हणूनच कर्जाने गांजलेला शेतकरी आणि सासुरवासाने गांजलेली सून डॉक्टरांपुढे एकच गाऱ्हाणे घेऊन येतात : डोके दुखते, पोटात जळजळते, मान आखडते, झोप नाही, अन्नावर वासना नाही, मुलांवर विनाकारण राग येतो. ही करणी नव्हे, भूतबाधाही नव्हे. आमच्या काही घरांतून अशा वेळी अजून देवऋष्याकडे माणूस पाठविला जातो, हे आम्हांस ठाऊक आहे. त्याविषयी रागावण्यापेक्षा ही माहिती तेथे पोहोचविणे अधिक उपयोगाचे होईल.

आता हा ताण किती जणांस असतो? साधा ताण सर्वांसच असतो, त्याची शिरगणती करण्यात अर्थ नाही. तो वाढून ज्यांच्या मनास आजार जडतो अशांची गणती झालेली आहे. बंगळूर येथील ‘निम्हान्स’ संस्थेने २०१५–१६ साली देशातील १२ राज्यांत पाहणी केली, तीत प्रौढांपैकी सुमारे दर दहांत एकास कोणता ना कोणता मानसिक आजार आढळला, आणि अशांपैकी शंभरांत ऐंशीहून अधिकांस कसलाही उपचार मिळालेला नव्हता. (त्या १२ राज्यांत महाराष्ट्र नव्हता, हे सांगितले पाहिजे, तरी आपण निराळ्या मातीचे आहोत असे मानण्यास आधार नाही.) जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ सालासाठी सर्व जगाचा अंदाज दर आठांत एक असा दिला आहे. वाचकांनी आपल्या मंडळीची पटसंख्या डोळ्यांपुढे आणावी. रविवारी चाळीस माणसे बसत असतील तर चारपाच जण हे ओझे घेऊन बसलेले असण्याचा संभव आहे. आणि ते बहुधा शेवटच्या रांगेत असतात.

हा ताण कोणास अधिक जाचतो, ह्याचे उत्तर आपल्या गावांत फिरणाऱ्यास पुस्तकावाचून मिळेल. ज्याच्या हाती कामाचे ओझे मोठे परंतु कामावरील सत्ता थोडी, त्यास. पाऊस आपल्या हाती नाही, कापसाचा व सोयाबीनचा भाव आपल्या हाती नाही, पण कर्ज मात्र आपल्या नावावर आहे. खिन्नतेचा आजार पुरुषांपेक्षा स्त्रियांत अधिक आढळतो. पाणी, सरपण, बचत गटाचा हप्ता आणि दारू पिऊन येणारा धनी हे ज्या बाईच्या वाट्यास येते, तिला ह्याचे कारण विचारण्यास नको. परंतु पुरुष बोलत नाही, आणि न बोलण्याचा परिणाम भयंकर होतो. सरकारी नोंदीप्रमाणे २०२२ साली देशात १,७०,९२४ माणसांनी आत्महत्या केली. त्यांत पुरुष दहांपैकी सात, आणि रोजंदारीवर पोट भरणारे चतुर्थांशाहून अधिक. राज्यवार पाहता सर्वांत मोठा आकडा महाराष्ट्राचा, २२,७४६.

आपल्या लोकांस आणखी एक ताण आहे, ज्याविषयी सभेत क्वचितच बोलले जाते. ज्याने प्रभूचा स्वीकार केला तो पुष्कळदा दोन घरांच्या उंबरठ्यांमध्ये उभा असतो. भावकीतील लग्नास बोलावणे येत नाही. मुलीसाठी स्थळ शोधावे तर आपली घरे मोजकी. कोणी वारले तर पुरण्याच्या जागेचा वाद. १९५० सालच्या राष्ट्रपतींच्या आदेशाने ठरलेल्या अनुसूचित जातींच्या सवलती ख्रिस्ती झालेल्यास मिळत नाहीत, म्हणून कित्येक घरांत शाळेच्या दाखल्यावर एक आणि मंडळीच्या पटावर दुसरे असे चालते, आणि त्या दोहोंच्या मध्ये मुले वाढतात. ह्यातील न्यायान्यायाचा विचार ह्या पाठाचा विषय नव्हे. हे एक रोजचे ओझे आहे, एवढे उपदेशकांनी ध्यानात घ्यावे.

आता शास्त्राकडे वळू. एलीया हा काही दुबळ्या विश्वासाचा मनुष्य नव्हता. तीन वर्षांचा दुष्काळ त्याने काढला. कर्मेल डोंगरावर एकट्याने शेकडो बआल-संदेष्ट्यांपुढे उभा राहिला. पाऊस आला तेव्हा अहाबाच्या रथापुढे इज्रेलपर्यंत धावत गेला. आणि दुसऱ्याच दिवशी एका राणीचा निरोप ऐकून तो जीव घेऊन पळाला. बैर-शेब्यात त्याने आपल्या सेवकास मागे ठेविले, म्हणजे जवळचे एकुलते एक माणूसही दूर केले, आणि रानात एक दिवसाची वाट चालून रतामाच्या झुडपाखाली बसून त्याने मरण मागितले. वाचकांनी क्रम पाहावा. पराभवानंतर नव्हे, विजयानंतर तो कोसळला. मोठे काम चालू असते तोवर मनुष्य तग धरतो. ते संपल्यावर गुडघे मोडतात. लग्न पार पडल्यावर आजारी पडणारे यजमान आणि नाताळ संपल्यावर अंथरूण धरणारे पाळक आम्ही पाहिले आहेत.

देवाने त्याचे काय केले? आम्ही हा अध्याय किती वेळा शिकविला असेल ते सांगवत नाही, परंतु आमचे लक्ष नेहमी त्या मंद वाणीकडे असे. वारा, भूकंप, अग्नी आणि शेवटी मंद वाणी, ह्यावर उपदेश चांगला जमतो. ओट्यावरच्या त्या गृहस्थांची हकिकत कळल्यानंतर आम्ही अध्याय पुन्हा वाचला, तेव्हा ध्यानात आले की ती वाणी पुष्कळ नंतर आली. आधी झोप आली. मग दूताने त्यास हात लावून उठविले, तो उपदेश करण्यासाठी नव्हे. उशाशी निखाऱ्यांवर भाजलेली भाकर व पाणी होते. त्याने खाल्ले आणि तो पुन्हा निजला. दूताने त्यास पुन्हा निजू दिले! दुसऱ्यांदा उठविले तेव्हाही खावयासच सांगितले, आणि कारण काय दिले? तर वाट त्याच्या शक्तीबाहेरची आहे. त्याने पाप केले, असे दूत म्हणाला नाही. मरण मागणाऱ्या सेवकास स्वर्गातून जे प्रथम मिळाले ते झोप, भाकर, पाणी आणि अंगावर ठेवलेला हात.

नंतर होरेबाच्या गुहेत देवाने त्यास विचारले, तू येथे काय करितोस? एलीयाने आपले गाऱ्हाणे सांगितले. वाणीनंतर देवाने तोच प्रश्न पुन्हा विचारला आणि एलीयाने तेच गाऱ्हाणे, जवळजवळ त्याच शब्दांत, पुन्हा सांगितले. ताणाने पिडलेला मनुष्य असाच एकच गोष्ट फिरवून फिरवून सांगतो आणि ऐकणारा कंटाळतो. देव कंटाळला नाही. मग त्याने दोन गोष्टी केल्या. मीच एकटा उरलो, हा एलीयाचा हिशेब चुकला होता; बआलापुढे गुडघे न टेकलेली सात हजार माणसे आहेत हे त्यास कळविले. आणि पुढील काम नेमून दिले, तेही एकट्याने ओढण्याचे नव्हे. अलीशा हा सोबती दिला.

वैद्यकशास्त्र आज जे सांगते ते ह्याहून फार निराळे नाही. गोव्यात झालेल्या आणि २०१७ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात तीव्र खिन्नतेच्या रोग्यांकडे डॉक्टर नसलेली, परंतु शिकवून तयार केलेली साधी माणसे सहा ते आठ वेळा जाऊन बसली. त्यांच्या कामाचा गाभा हाच की, रोग्याने सोडून दिलेली लहानसहान कामे व भेटीगाठी थोड्याथोड्याने पुन्हा सुरू कराव्यात. केवळ नेहमीचा उपचार मिळालेल्यांपेक्षा अशा रोग्यांस अधिक गुण आला. अमरावती जिल्ह्यातील ३० खेड्यांत ताण व मानसिक आरोग्य ह्यांसाठी एक योजना चालविण्यात आली. तिच्या इंग्रजी नावाच्या अक्षरांपासून तिचे नाव ‘विश्राम’ असे झाले. गावातीलच कार्यकर्ते घरोघर जात, ऐकून घेत आणि जरूर त्यास डॉक्टरांकडे नेत. आधी खिन्नतेने आजारी असलेल्या शंभरांपैकी चौघेच मदत मागत. अठरा महिन्यांनी ती संख्या सत्तावीसवर गेली. उपदेशकांनी व बायबल-स्त्रियांनी हे विशेष ध्यानात घ्यावे. ज्या मनुष्याची येथे गरज आहे तो दूरच्या शहरात नाही. सायकलीवरून तीन गावे फिरणारे तुम्हीच ते आहा.

मात्र तुम्ही स्वतः मोडू नये. मोशे सकाळपासून संध्याकाळपर्यंत न्याय करीत बसे, आणि लोक उभे असत. त्याचा सासरा इथ्रो मिद्यानाहून आला, त्याने एक दिवस पाहिले आणि स्पष्ट सांगितले की हे ठीक नाही, अशाने तूही झिजशील आणि लोकही. हजारांवर, शंभरांवर, पन्नासांवर, दहांवर माणसे नेम, असा त्याचा सल्ला. कित्येक उपदेशकांस वाटते की आपण गेल्यावाचून प्रार्थनासभा होणार नाही. होईल. दहांवर एक नेमून पाहावा. मोशेने जावयाची ऐट न धरता ऐकले, हेही त्याच्या मोठेपणाचे एक लक्षण होय.

राहिले पौलाचे ते वचन, ज्याचा आम्ही धोंडा केला. ते फिलिप्पैकरांस लिहिलेल्या पत्राच्या चौथ्या अध्यायात आहे. त्याच पत्राचा दुसरा अध्याय काढावा. एपफ्रदीत मरणोन्मुख आजारी पडला होता, आणि आपल्या आजाराची बातमी घरी पोहोचली ह्याचीच त्यास व्यथा लागली होती. पौल त्याची निर्भर्त्सना करीत नाही. त्यास घरी पाठवितो, आणि त्यामुळे माझेही दुःख हलके होईल असे लिहितो. म्हणजे चिंता करू नका असे लिहिणाऱ्याच्या मनावरही भार होता, आणि तो हलका करण्यासाठी त्याने प्रार्थनेबरोबर एक साधा व्यवहारही केला : माणूस घरी पाठविला. प्रार्थना व व्यवहार ह्यांस तो एकमेकांचे वैरी समजत नसे.

म्हणून व्यवहाराच्या काही गोष्टी लिहितो. निजण्याची व उठण्याची वेळ ठरावीक ठेवावी आणि रात्री अंथरुणात मोबाईल घेऊ नये. चहा व तंबाखूने झोप उडते. दारूने झोप आल्यासारखी वाटते, पण मध्यरात्री ती मोडते आणि सकाळी चिंता दुप्पट होते. धडधड सुरू झाली असता बसून श्वास सावकाश घ्यावा व त्याहून सावकाश सोडावा, असे पाच मिनिटे करावे. शरीराची ती उडीची तयारी ह्याने उतरते. कर्जाचा सर्व हिशेब, हातउसन्यासह, एका कागदावर मांडावा आणि तो घरधनिणीस दाखवावा. आमच्या अनुभवाने सांगतो की डोक्यातील आकडा कागदावरील आकड्यापेक्षा नेहमी मोठा असतो. मग पतपेढीत किंवा बँकेत जाऊन मुदत वाढवून मिळते काय ते विचारावे. एकट्याने जाण्याचे धैर्य नसेल तर मंडळीतील एका लिहित्यावाचत्या माणसाने सोबत जावे. आठवड्यातील एक दिवस विसाव्याचा, हा नियम मोडून आपण काही मिळविले आहे असे आम्हांस दिसत नाही.

इतके करूनही दोन आठवड्यांहून अधिक दिवस उदासी हटत नसेल, काम सुचत नसेल, किंवा मरणाचा विचार मनात येत असेल, तर तो आता डॉक्टरांचा विषय झाला असे समजावे. हिवतापाची गोळी घेणे हा अविश्वास नव्हे, तसाच हाही उपचार अविश्वास नव्हे. प्राथमिक आरोग्य केंद्रात सांगावे. तेथून जिल्हा रुग्णालयाकडे पाठवितात. १४४१६ हा सरकारी दूरध्वनी क्रमांक ऑक्टोबर २०२२ पासून चालू आहे. तो रात्रंदिवस व विनामूल्य असून मराठीतही बोलता येते. कोणाविषयी शंका आली तर, तुमच्या मनात जीव देण्याचा विचार येतो काय, असे त्यास एकांतात सरळ विचारावे. विचारल्याने तो विचार मनात भरतो ही समजूत खोटी आहे. उलट, विचारल्याने पुष्कळांस रडू फुटते आणि मन मोकळे होते. अशा घरातील फवारणीचे औषध त्याच दिवशी दुसऱ्याच्या घरी कुलपात ठेवावे, आणि त्या मनुष्यास एकटे सोडू नये. ज्याने असा प्रयत्न केला असेल त्याची मंडळीत चौकशी मांडू नये. देशाच्या कायद्यानेही, २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा अधिनियमात, असा मनुष्य तीव्र ताणाखाली होता असेच गृहीत धरून त्याची काळजी घेण्याचे कर्तव्य सरकारवर ठेविले आहे. मंडळीने कायद्याहून कठोर असावे हे शोभत नाही.

त्या गृहस्थांकडे आम्ही पुन्हा गेलो. ह्या वेळी मुक्कामाची तयारी करून गेलो होतो. सायंकाळी त्यांच्या अंगणात बसलो. त्यांनी तीच हकिकत पुन्हा सांगितली, आम्ही ऐकली. कारभारणीने पिठले-भाकरी वाढली. जेवणानंतर त्यांनीच १ राजे १९ वाचण्यास सांगितले. दुसऱ्यांदा भाकर खाण्याच्या ओवीपर्यंत आम्ही आलो तेव्हा ते भिंतीस टेकून पेंगत होते. आम्ही पुस्तक मिटले. दुसऱ्या दिवशी उपदेशक त्यांस घेऊन आरोग्य केंद्रात गेले. औषध चालू आहे. कर्ज फिटलेले नाही. लग्नाचे अजून नक्की नाही. परंतु ते रविवारी येतात आणि मागल्या रांगेत बसतात.

वर्गात चर्चेसाठी : एलीयाने आपल्या सेवकास बैर-शेब्यात का ठेविले असावे? दूताने त्यास दुसऱ्यांदा निजू दिले नसते तर काय झाले असते? आपल्या मंडळीत गेल्या महिन्यापासून कोण येत नाही, आणि त्याच्या घरी ह्या आठवड्यात कोण जाणार? शेवटच्या प्रश्नाचे उत्तर नावानिशी लिहून घ्यावे.